संगीतकाराचें मौन

१९३२ सालीं ‘अयोध्येचा राजा’ हा ‘प्रभात’चा पहिला बोलपट पडद्यावर आला. त्याचे संगीतकार गोविंदराव टेंबे रंगभूमीवर नांवाजलेले. तेव्हां रंगभूमीचें गाणें बोलपटांत शिरलें यांत नवल नाहीं. नट कॅमेऱ्यापुढें गात, वादक चौकटीबाहेर बसून साथ करीत. पुढें गाणें संपल्यावरही प्रसंगामागें वाद्यें वाजत ठेवण्याची चाल पडली.

केशवराव भोळे यांचा पिंड निराळा होता. ते मूळचे वऱ्हाडांतील अमरावतीचे. वैद्यकीचा अभ्यास अर्धवट सोडून ते संगीताकडे वळले. संगीताचे टीकाकार म्हणूनही त्यांनीं लौकिक मिळविला. १९३३ सालीं ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकासाठीं त्यांनीं मोजकीं, प्रसंगाला धरून येणारीं पदें बसविलीं. त्यानंतर पुण्यांत ‘प्रभात’मध्यें ‘अमृतमंथन’ (१९३४) आणि ‘संत तुकाराम’ (१९३६) यांचें संगीत त्यांनीं केलें. ‘तुकाराम’चे एक दिग्दर्शक विष्णुपंत दामले हे ‘प्रभात’च्या ध्वनिमुद्रणाचेही जाणकार. त्या चित्रांत शांताराम आठवले यांनीं रचलेलें एक पद भोळ्यांच्या चालीमुळें इतकें अस्सल वाटलें कीं, पुष्कळांनीं तें तुकोबांचाच अभंग मानलें.

खरी कसोटी लागली ती १९३७ सालच्या ‘कुंकू’मध्यें. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरील या चित्रांत, फसवून वृद्धाच्या गळ्यांत बांधलेली नीरा तो विवाह मानावयास नकार देते. दिग्दर्शक शांताराम यांनीं पार्श्वसंगीत अजिबात वर्ज्य केलें. घड्याळाची टिकटिक, पावलांचा आवाज, घरांतील भांड्यांचा खणखणाट, एवढेंच प्रसंगांत ऐकूं यावयाचें. वाद्यांचा आधार गेल्यावर ध्वनिमुद्रणांतील प्रत्येक बारीकसारीक आवाजाला अर्थ आला, आणि त्यांतील उणीवही झांकली जाईना.

संगीतकाराला हा त्याग सोपा नव्हे. करुण सुरावट वाजली कीं प्रेक्षक रडतो, आणि रडून मोकळा होतो. ‘कुंकू’मध्यें ती पळवाट उरली नाहीं, न्याय कोणाच्या बाजूला, हें ज्याचें त्यानें ठरवावयाचें होतें. सुधारणेचा प्रश्न मांडणाऱ्या चित्राला हेंच साजणारें होतें. भोळ्यांच्या चाली आजही गाइल्या जातात. पण केव्हां थांबावें हें जाणणें हाही संगीतकाराच्या विद्येचा भाग आहे, याची साक्ष ‘कुंकू’मधील ती टिकटिकच देते.