सामाजिक सुरक्षा : गिरणीपासून इलेक्ट्रॉनिक सिटीपर्यंत

आजारपण आणि अपघात यांचा भार एकट्या कामगारावर पडू नये, या विचारातून औद्योगिक देशांत सामाजिक विम्याचा उदय झाला. जर्मनीत बिस्मार्क यांच्या कारकिर्दीत १८८३ मध्ये आजारपण विम्याचा कायदा संमत झाला. भारतात प्रा. बी. पी. आडारकर यांच्या १९४४ च्या अहवालानंतर १९४८ मध्ये कर्मचारी राज्य विमा कायदा करण्यात आला. मालक आणि कामगार या दोघांच्या वर्गणीवर ही योजना चालते.

बंगळुरूच्या इलेक्ट्रॉनिक सिटीत या व्यवस्थेची मर्यादा स्पष्ट होते. तेथील कंत्राटी सुरक्षारक्षक दरमहा २१ हजार रुपयांपर्यंतच्या वेतनावर या विम्यास पात्र ठरतो. त्याच फाटकाशी जेवणाचा डबा घेऊन येणारा ॲपवरील कामगार मात्र कायद्याच्या दृष्टीने कोणाचाच कर्मचारी नसल्याने त्यास मुकतो. त्यामुळे कर्नाटकने २०२५ मध्ये स्वतंत्र कायदा केला. त्यानुसार कामगाराला मिळणाऱ्या प्रत्येक मोबदल्यावर १ ते ५ टक्के शुल्क कंपनीने कल्याण निधीत भरावयाचे आहे. ठरावीक मालक नसलेल्या हमालांसाठी महाराष्ट्राने १९६९ च्या माथाडी कायद्यात लेव्हीची अशीच तरतूद केली होती.