अप्पासाहेब पंत : नैरोबीतील सहा वर्षे

राजनैतिक अधिकाऱ्याचे यश कशात मोजावे? यजमान सरकारची मर्जी सांभाळणे, ही रूढ कसोटी. अप्पासाहेब पंत (१९१२–१९९२) पहिल्याच नेमणुकीत या कसोटीला उतरले नाहीत. त्यांचे मोठेपण नेमके तिथेच आहे.

ते औंधच्या राजाचे पुत्र. १९३९ साली बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी गांधीजींच्या सल्ल्याने राज्यकारभार प्रजेच्या हाती सोपवला. त्या प्रयोगात अप्पासाहेबांचा वाटा होता. १९४८ मध्ये नेहरूंनी त्यांना ब्रिटिश पूर्व आफ्रिकेतील भारताचे आयुक्त म्हणून नैरोबीला पाठवले. तिथे सत्ता मूठभर गोऱ्यांची, मधल्या पायरीवर हिंदी व्यापारी व कारागीर, आणि तळाशी जमिनी गमावलेला आफ्रिकी माणूस. आफ्रिकी जनतेचे हित आधी, हे नेहरूंचे धोरण. पंतांनी ते केवळ भाषणापुरते ठेवले नाही. जोमो केन्याटा व इतर आफ्रिकी नेत्यांशी उघड स्नेह जोडला. स्वतःहून सत्ता सोडणारा राजा ज्याने घरात पाहिला, त्याला सत्तेला चिकटून बसलेले गोरे वसाहतवाले कसे पटावेत?

ऑक्टोबर १९५२ मध्ये केनियात आणीबाणी पुकारली गेली, केन्याटांना अटक झाली. ब्रिटिशांच्या तक्रारी वाढल्या आणि १९५४ मध्ये पंतांना नैरोबी सोडावी लागली. पुढे सिक्कीम, इंडोनेशिया, इजिप्त, ब्रिटन, इटली अशी त्यांची कारकीर्द झाली. डिसेंबर १९६३ मध्ये केनिया स्वतंत्र झाला. पंतप्रधान होते केन्याटा.

राजदूताची नेमणूक सरकारदरबारी होते. नाते मात्र लोकांशी जोडायचे असते. सरकारे बदलतात, लोक तिथेच राहतात.