कोलकात्यातला एक अबोल संसार: ‘आशा जाओयार माझे’

या चित्रपटाच्या नावाने फसू नका. त्यात आपली ‘आशा’ नाही आणि ‘माझे’ही नाही. बंगालीत लिहितात ‘आसा’, उच्चारतात ‘आशा’; अर्थ येणे. ‘माझे’ म्हणजे मध्ये; जुन्या मराठीतले ‘माझारी’ आठवा. येण्या-जाण्याच्या मध्ये, एवढाच अर्थ.

आदित्य विक्रम सेनगुप्ता यांचा हा पहिला चित्रपट, २०१४ सालचा. मंदीचे दिवस आहेत, नोकऱ्या जात आहेत. बायको दिवसा हँडबॅगच्या कारखान्यात जाते, नवरा रात्री छापखान्यात. एक घरी येतो तेव्हा दुसरा निघालेला असतो. त्याने वाळत घातलेले कपडे ती काढते, तिने रांधलेले तो जेवतो. तापत्या कढईतले पाणी आटेपर्यंत कॅमेरा तिथेच थांबतो. ८४ मिनिटांत दोघांच्या तोंडी एकही संवाद नाही.

याला प्रयोग म्हणतात. मला तो हिशेब वाटतो. बोलायला दोघे एका वेळी घरात असावे लागतात, आणि या दोघांचा तो वेळ पाळीने खाल्ला आहे. संवाद काढून टाकलेला नाही, त्याला जागाच उरलेली नाही. (शिफ्टमध्ये काम करणाऱ्या आईवडिलांच्या मुलांना हे मी समजावायला नको.)

मूळ कल्पना इटालियन लेखक इटालो काल्व्हिनो यांच्या एका कथेतली. पण कोलकात्यात ती परकी वाटत नाही, कारण घर आणि पगार यांची ओढाताण इथला सिनेमा आधीपासून दाखवत आला आहे. सत्यजित राय यांच्या ‘महानगर’मध्ये (१९६३) आरती घरोघरी विणकामाची यंत्रे विकू लागते आणि घरातली नातीच हलतात. पुढच्याच वर्षी राय यांनी ‘टू’ हा संवादाविना लघुपट केला: खिडकीतला श्रीमंत मुलगा, बाहेरचा गरीब मुलगा, आणि खेळण्यांची चढाओढ. मृणाल सेन यांच्या ‘एक दिन प्रतिदिन’मध्ये (१९७९) कमावती मुलगी रात्री घरी येत नाही. ती कुठे होती हे सेन शेवटपर्यंत सांगत नाहीत. तिच्या पगारावर जगणाऱ्या घराची भीती मात्र उघडी पडते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले मणि कौल ‘उसकी रोटी’त (१९६९) बसचालक नवऱ्याची भाकरी घेऊन रस्त्यावर ताटकळणारी बायको दाखवतात. तिथे तो येत नाही म्हणून वाट पाहायची. सेनगुप्तांच्या घरात दोघेही नेमाने येतात, तरी वाट पाहावीच लागते. हा फरक नीट पाहा.

चित्रपट व्हेनिसला दाखवला गेला, दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठीचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. ध्वनीलाही राष्ट्रीय पुरस्कार आहे, आणि तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो: जिथे माणसे बोलत नाहीत तिथे भांडी, सायकल, गल्लीतले आवाज हेच बोलतात.

पाहताना घड्याळ जवळ ठेवा. दोघे एकमेकांसमोर नेमका किती वेळ असतात, ते मोजून वहीत लिहा. आणि शक्य तर मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवा. माझ्या वर्गात दहाव्या मिनिटालाच ते बाहेर आले होते.