वॉर्ड तीन

दुसऱ्या महायुद्धात, १९४० च्या उन्हाळ्यात, दक्षिण इंग्लंडमधल्या इस्पितळांत येऊ लागलेले तरुण वैमानिक जवळजवळ एकाच तऱ्हेने भाजलेले असत. जाड गणवेशाखालचे शरीर बहुधा शाबूत, पण चेहरा आणि हात गेलेले. पापण्या, नाक, ओठ, कान, बोटे, सगळे काही सेकंदांत. डॉक्टर या प्रकाराला ‘एअरमन्स बर्न’ म्हणू लागले. त्याचे मूळ विमानाच्या रचनेत होते. हरिकेन या लढाऊ विमानात पेट्रोलची २८ गॅलनची राखीव टाकी इंजिन आणि वैमानिक यांच्या मधोमध, उपकरणांच्या फळीमागेच बसवलेली असे. शिवाय दोन्ही पंखांच्या मुळाशी एकेक टाकी. गोळी लागून टाकी फुटली की वाऱ्याच्या झोताबरोबर ज्वाळा थेट कॉकपिटमध्ये शिरत. स्पिटफायरमध्येही पेट्रोल वैमानिकाच्या पुढ्यातच होते. पट्टे सोडवायचे, वरचे छत मागे सरकवायचे आणि उडी घ्यायची, हे सारे आगीत हात घालूनच करावे लागे. त्यात विमानाचा दांडा नीट जाणवावा म्हणून कित्येक जण हातमोजे घालत नसत, आणि नजर मोकळी राहावी म्हणून गॉगल कपाळावर चढवून ठेवत.

जेफ्री पेज हा विसाव्या वर्षी असाच भाजला. १२ ऑगस्ट १९४० रोजी जर्मन बॉम्बफेकी विमानांवर चालून जाताना त्याच्या हरिकेनच्या टाकीने पेट घेतला. पॅराशूटने तो समुद्रात पडला. हातांची सालटी निघालेली, त्या हातांनी पाण्यात पॅराशूटचे बंद सोडवायचे होते. बोटीने त्याला उचलून किनाऱ्याला आणले. इस्पितळात कोणी त्याच्यापुढे आरसा धरला नव्हता. पण टेबलावर निजलेला असताना वरच्या दिव्याच्या चकचकीत परावर्तकात त्याला स्वतःचा सुजलेला, ओळखू न येणारा चेहरा दिसला.

अशा जखमांवर तेव्हा सर्रास टॅनिक अ‍ॅसिड लावले जाई. हिरडा, बाभळीची साल, काथ यांत जे तुरट द्रव्य असते आणि ज्याने चांभार कातडे कमावतात, त्याच जातीचे हे द्रव्य. ते जखमेवर लावले की टणक काळी खपली धरते आणि आतला द्रव बाहेर झिरपत नाही. पाठीवरच्या लहानशा भाजलेल्या जागेला ते चालून जाई. पापण्यांवर आणि बोटांवर मात्र त्याने शब्दशः कातडे कमावल्यासारखे होई. खपली आवळत जाई, बोटे पंजासारखी आत वळत, पापण्या मिटेनाशा होत. खपलीखाली पू साचला तरी तो दिसत नसे. आगीने जे वाचले होते त्यातले बरेचसे उपचाराने गेले, असे म्हटले तर ते फार वावगे ठरणार नाही.

याला विरोध करणारे सर्जन आर्चिबाल्ड मॅकिंडो मूळचे न्यूझीलंडचे. १९०० साली ड्युनेडिनमध्ये त्यांचा जन्म झाला. अमेरिकेतल्या मेयो क्लिनिकमध्ये शिकून ते १९३० मध्ये लंडनला आले आणि दूरचे नातेवाईक हॅरल्ड गिलीज यांच्या हाताखाली प्लास्टिक सर्जरीकडे वळले. गिलीज यांनी पहिल्या महायुद्धात तोफगोळ्यांनी फुटलेले हजारो चेहरे सांधले होते. दुसरे युद्ध सुरू झाले तेव्हा हा व्यवसाय पूर्णवेळ करणारे सर्जन साऱ्या ब्रिटनमध्ये चारच होते, आणि त्यांतले एक मॅकिंडो. सप्टेंबर १९३९ मध्ये ससेक्समधल्या ईस्ट ग्रिन्स्टेड या गावच्या छोट्या क्वीन व्हिक्टोरिया इस्पितळात त्यांनी बस्तान बसवले. भाजलेल्या वैमानिकांसाठी तिथे जो वॉर्ड होता तो म्हणजे आवारातली एक लांबट लाकडी बराक. तिचे नाव ‘वॉर्ड तीन’.

मॅकिंडो यांच्या ध्यानात एक गोष्ट आली. जमिनीवर उतरलेल्या वैमानिकांपेक्षा समुद्रात पडलेल्यांच्या जखमा बऱ्या स्थितीत असत. त्यांनी टॅनिक अ‍ॅसिड बंद करून कोमट खारट पाण्याचे टब सुरू केले. रोग्याला टबात उतरवायचे, वाहत्या पाण्यात जुनी पट्टी आपोआप सुटू द्यायची, मग व्हॅसलीन लावलेली जाळीदार पट्टी ठेवायची. पट्टी ओढून काढताना होणाऱ्या वेदना वाचल्या आणि सांधे पाण्यात हलते राहिले. १९४० सरायच्या सुमारास चेहरा आणि हात यांवर टॅनिक अ‍ॅसिड लावू नये, हे वैद्यकीय वर्तुळात मान्य झाले.

यानंतर खरे काम सुरू होई. आधी पापण्या, कारण डोळा मिटता आला नाही तर बुबुळ सुकून दृष्टी जाते. त्यासाठी दंडाच्या आतल्या बाजूची पातळ त्वचा घेत. नाकाला नुसती पातळ त्वचा पुरत नाही; तिथे जाड, स्वतःचा रक्तपुरवठा असलेले कातडे लागते. कपाळ शाबूत असेल तर ते तिथून खाली आणता येई. नसेल तर गिलीज यांनी १९१७ मध्ये वापरात आणलेली नळीची रीत. पोटावर किंवा खांद्यावर दोन समांतर छेद घेऊन त्वचेचा पट्टा सोडवायचा. दोन्ही टोके अंगाला जोडलेलीच ठेवून त्याच्या कडा एकमेकींना शिवायच्या. गुंडाळलेल्या या नळीत रक्त खेळते राहते आणि जंतूंना उघडी जागा मिळत नाही. काही आठवड्यांनी एक टोक कापून नाकाच्या जागी जोडायचे, ते तिथे रुजले की दुसरे टोक सोडवायचे. पोटावरचे कातडे चेहऱ्यावर न्यायचे तर ते आधी मनगटावर रुजवून हातानेच वर न्यावे लागे. या काळात माणूस खांद्यापासून नाकापर्यंत लोंबणारी सोंड घेऊन जेवत, झोपत, पत्ते खेळत असे.

कपाळावरून नाक आणण्याची रीत इंग्लंडला पुण्याहून मिळाली. लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’मध्ये ऑक्टोबर १७९४ मध्ये एक पत्र सचित्र छापून आले. इंग्रजी फौजेत बैल हाकणारा कावसजी नावाचा एक माणूस १७९२ च्या लढाईत टिपूच्या हाती सापडला. त्याचे नाक आणि एक हात कापण्यात आला. नाव पारशी वाटले तरी पत्रात त्याची ओळख मराठा शेतकरी अशी दिली आहे. वर्षभर तो बिननाकाचा राहिला आणि मग पुण्याजवळच्या, विटा पाडणाऱ्या जातीतल्या एका कारागिराने त्याला नवे नाक बसवले. मुंबई इलाख्याचे दोन इंग्रज डॉक्टर ते पाहायला हजर होते. कारागिराने मेणाचा पातळ पत्रा नाकाच्या जागी दाबून बसवला, मग तो सपाट करून कपाळावर ठेवला आणि कडेने रेघ ओढली. तेवढी त्वचा सोडवून, दोन डोळ्यांमधला देठ तसाच ठेवून, ती पिळा देऊन खाली वळवली आणि छेदांत बसवली. वरून पाण्यात कालवलेला काथ. देठ साधारण पंचविसाव्या दिवशी कापला. सुश्रुतसंहितेत नाकासाठी गालाची त्वचा सांगितली आहे. पुण्याच्या कारागिराने कपाळाची घेतली. पत्रात कावसजीचे नाव आहे, चित्र आहे. कारागिराचे नाव मात्र नाही. हे पत्र वाचून जोसेफ कार्प्यू या सर्जनने प्रेतांवर सराव केला आणि १८१४ मध्ये लंडनमध्ये पहिले असे ऑपरेशन केले. तिथून ही रीत युरोपभर गेली, पुढे गिलीज आणि त्यांच्या शिष्यांच्या हाती आली. काथातही टॅनिनच असते, ही यातली गंमत. तुरट द्रव्य टाक्यांच्या कडेपुरते लावायचे की साऱ्या चेहऱ्यावर थापायचे, एवढाच फरक होता.

एका चेहऱ्याला दहा, वीस, कधी त्याहून जास्त ऑपरेशने लागत आणि दोन ऑपरेशनांमध्ये आठवडे-महिने थांबावे लागे. विमानदलाच्या नियमाप्रमाणे नव्वद दिवसांत कामावर रुजू न होणाऱ्याला अपंग ठरवून नोकरीतून कमी करत. मॅकिंडो यांनी भांडून ही अट सैल करून घेतली. रोग्यांना घालावा लागणारा ढगळ निळा इस्पितळी वेशही त्यांनी नाकारला. वॉर्ड तीनमधली माणसे आपल्या गणवेशात किंवा साध्या कपड्यांत फिरत. हुद्द्यांची उतरंड दाराबाहेर राही, अधिकारी आणि सार्जंट शेजारीशेजारी निजत. वॉर्डात बिअरचे पिंप असे. ज्याचे ऑपरेशन नसेल त्याने टेबलाशी उभे राहून दुसऱ्याचे पाहायला हरकत नव्हती. आपल्यावर पुढे काय होणार हे माणसाला अशा रीतीने आधीच कळे.

मॅकिंडो यांनी गावकऱ्यांनाही यात ओढले. या मुलांना घरी जेवायला बोलवा, दारूच्या गुत्त्यात त्यांच्याशी बोला, टक लावून पाहू नका आणि मानही फिरवू नका, असे ते सांगत. गावाने ते मनावर घेतले आणि ‘टक लावून न पाहणारे गाव’ असा ईस्ट ग्रिन्स्टेडचा लौकिक झाला. ९ जुलै १९४३ रोजी एका जर्मन विमानाने या गावावर बॉम्ब टाकले. ते व्हाइटहॉल थिएटरवर पडून १०८ माणसे मेली, त्यांत पुष्कळ मुले होती. जखमींना त्याच इस्पितळात आणले.

या व्यवस्थेची एक बाजू सहसा सांगितली जात नाही. वॉर्ड तीनसाठी देखण्या नर्सा मुद्दाम निवडल्या जात. आपल्याकडे बाई म्हणून कोणी पाहील की नाही या भीतीतून तरुणांना बाहेर काढायचे, हा त्यामागचा विचार. नर्सांनी थट्टा, सलगी, कधी त्यापुढचेही निमूट सोसावे, अशी अपेक्षा असे. काहींची लग्ने तिथे जुळली हे खरे, पण सोसण्याचा भाग कोणाच्या वाट्याला किती आला, याचा हिशेब तेव्हा कोणी ठेवला नाही. मॅकिंडो स्वतः हुकमी स्वभावाचे होते. त्यांची स्मृती जपणाऱ्यांनीही ते लपवलेले नाही.

२० जुलै १९४१ रोजी वॉर्डातल्या काही जणांनी शेरीच्या बाटलीभोवती बसून एक क्लब काढला. सर्जन आपल्यावर नवनवे प्रयोग करतो म्हणून नाव ठेवले ‘गिनीपिग क्लब’. खजिनदार म्हणून ज्याचे पाय भाजले होते त्याला नेमले, म्हणजे पैसे घेऊन पळता येऊ नये. चिटणीस बोटे भाजलेला, म्हणजे इतिवृत्त लांबू नये. सभासदांचे तीन वर्ग होते: ऑपरेशन झालेले ते गिनीपिग, डॉक्टर मंडळी ते शास्त्रज्ञ आणि हितचिंतक ते ‘गिनीपिगांवरील क्रौर्यप्रतिबंधक मंडळी’. अध्यक्ष मॅकिंडो. दारू पिण्यासाठी निघालेला हा क्लब युद्ध संपेपर्यंत ६४९ सभासदांचा झाला. सुरुवातीचे लढाऊ वैमानिक होते, पुढे बॉम्बफेकी विमानांतले चालक, नॅव्हिगेटर, तोफची असे लोक बहुसंख्य झाले. ब्रिटिशांच्या जोडीला कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, पोलंड, चेकोस्लोव्हाकिया इथले जवान होते. कॅनेडियन इतके आले की त्यांचे सर्जन रॉस टिली यांच्या देखरेखीखाली स्वतंत्र इमारत उभारली गेली.

प्रत्येकाची वाट वेगळी निघाली. जेफ्री पेजने जितकी ऑपरेशने तितकी जर्मन विमाने पाडायचा पण केला होता. तो पुन्हा लढाऊ विमानात बसला आणि दोन्ही आकडे अखेर १५ वर जुळले. १९९३ मध्ये डोव्हरजवळ कॅपेल-ल-फर्न इथे उभे राहिलेले ‘बॅटल ऑफ ब्रिटन’चे, म्हणजे १९४० च्या त्या हवाई लढाईचे, स्मारक मुख्यतः त्याच्या खटपटीचे फळ आहे.

ऑक्सफर्डमध्ये शिकलेला रिचर्ड हिलरी ३ सप्टेंबर १९४० रोजी चेहरा आणि हात भाजून विमानातून पडला. मार्गेटच्या जीवरक्षक बोटीने त्याला समुद्रातून काढले. १९४१ मध्ये युद्धाच्या बाजूने बोलायला त्याला अमेरिकेला पाठवले, पण हा चेहरा पाहून तिथल्या आया आपल्या मुलांना लढाईवर धाडणार नाहीत अशी धास्ती वरिष्ठांना वाटली आणि त्याला रेडिओवरच्या भाषणांपुरते ठेवले. १९४२ मध्ये ‘द लास्ट एनिमी’ हे त्याचे पुस्तक गाजले. काटा-सुरी धड धरता येत नसताना त्याने पुन्हा उडण्याचा हट्ट धरला. परवानगी मिळाली. ८ जानेवारी १९४३ च्या रात्री स्कॉटलंडमध्ये सरावाच्या उड्डाणात त्याचे विमान कोसळले आणि नॅव्हिगेटरसह तो गेला. वय २३. त्याचा हट्ट हे धैर्य होते की आणखी काही, यावर त्याच्या मित्रांचेही एकमत झाले नाही. पण अशा हातांच्या माणसाला रात्रीच्या उड्डाणाची परवानगी देणे ही चूकच होती.

बिल फॉक्सली याची गोष्ट सर्वांत कठीण. मार्च १९४४ मध्ये त्याचे वेलिंग्टन विमान कॅसल डॉनिंग्टनला उड्डाणाच्या वेळीच पडले. तो धडधाकट बाहेर आला आणि अडकलेल्या सहकाऱ्यासाठी पुन्हा आगीत शिरला. त्याचा एक डोळा गेला, दुसऱ्याची दृष्टी अधू झाली, ऑपरेशने तिसाच्या घरात गेली. पुढे त्याने इस्पितळातल्याच एका नर्सशी लग्न केले आणि लंडनला वर्षानुवर्षे नोकरी केली. १९६९ च्या ‘बॅटल ऑफ ब्रिटन’ या चित्रपटात भाजलेला वैमानिक म्हणून जो क्षणभर दिसतो तो फॉक्सलीच. त्या चेहऱ्याला रंगभूषा लागली नाही. २०१० मध्ये तो वारला.

युद्धानंतर क्लब मोडला नाही. नोकऱ्या मिळवून देणे, धंद्याला कर्ज, पेन्शनचे तंटे, अशी कामे त्याने विमानदलाच्या मदतनिधीच्या साहाय्याने चालवली आणि सभासद दरवर्षी ईस्ट ग्रिन्स्टेडला जमत राहिले. मॅकिंडो यांना १९४७ मध्ये सर हा किताब मिळाला. १९६० मध्ये ते वारले. विमानदलाच्या लंडनमधल्या सेंट क्लेमेंट डेन्स चर्चमध्ये त्यांची रक्षा ठेवली आहे. त्यांच्यानंतर क्लबचे अध्यक्षपद प्रिन्स फिलिप यांच्याकडे गेले. सभासद थकत गेले आणि २००७ मध्ये शेवटचा मेळावा झाला. २०१४ मध्ये गावात मॅकिंडो यांचा पुतळा बसवला. शिल्पकार मार्टिन जेनिंग्ज यांचे वडील रणगाड्यात भाजले होते आणि मॅकिंडो यांच्याच हाताखालून गेले होते. पुतळ्यात एक वैमानिक स्टुलावर बसला आहे, बोटे आत वळलेली, चेहरा वर केलेला; मागे मॅकिंडो त्याच्या खांद्यांवर हात ठेवून उभे आहेत. भोवती दगडी बाक आहे, गावकऱ्यांनी बसावे म्हणून.