जपानच्या संविधानाचा इतिहास

जपानचे संविधान हा जपानचा सर्वोच्च कायदा आहे. तो ३ नोव्हेंबर १९४६ रोजी प्रख्यापित झाला आणि ३ मे १९४७ रोजी अमलात आला. त्यात प्रस्तावना व १०३ कलमे असून, अमलात आल्यापासून त्यात एकदाही दुरुस्ती झालेली नाही. दुसऱ्या महायुद्धातील पराभवानंतर देश दोस्त राष्ट्रांच्या लष्करी ताब्यात असताना त्याचा मूळ मसुदा अमेरिकी अधिकाऱ्यांनी सुमारे आठवडाभरात इंग्रजीत लिहिला. त्यामुळे हे संविधान जपानी जनतेचे आहे की जेत्यांनी लादलेले, हा वाद आजही संपलेला नाही. मसुद्याची घडण तपशिलाने पाहिली असता मात्र या प्रश्नाला एका शब्दात उत्तर देता येत नाही.

मेइजी संविधान आणि त्याचे विरोधक

जपानचे पहिले आधुनिक संविधान ११ फेब्रुवारी १८८९ रोजी प्रख्यापित झाले. दंतकथेनुसार पहिला सम्राट जिम्मू याचे राज्यारोहण याच तिथीस झाले होते, आणि दिवसाची निवड हेतुपुरस्सर होती. हिरोबुमी इतो यांनी १८८२-८३ मध्ये युरोपचा दौरा करून बर्लिन व व्हिएन्ना येथील विधिज्ञांकडून घटनाशास्त्राचे धडे घेतले आणि प्रशियाचा नमुना पसंत केला. ७६ कलमांचे हे संविधान सम्राटाने प्रजेला दिलेली देणगी म्हणून जाहीर झाले. त्यात सम्राट पवित्र व अनुल्लंघनीय मानला होता, नागरिकांचे हक्क कायद्याच्या मर्यादेतच मान्य होते आणि सैन्याचे सर्वोच्च आधिपत्य सम्राटाकडे होते. सैन्य मंत्रिमंडळाला नव्हे तर थेट सम्राटाला उत्तरदायी आहे, असा या शेवटच्या तरतुदीचा अर्थ लष्कराने लावला आणि पुढे १९३० च्या दशकात त्याचा पुरेपूर वापर केला.

इतोंच्या मसुद्याखेरीज अन्य मसुदेही त्या काळी लिहिले गेले होते. स्वातंत्र्य व लोकाधिकार चळवळीत गावोगावच्या अभ्यासमंडळांनी स्वतःची संविधाने रचली. एमोरी उएकी यांच्या १८८१ च्या मसुद्यात तर जुलमी शासनाचा प्रतिकार करण्याचा हक्कही नमूद होता. त्याच वर्षी तोक्योच्या पश्चिमेकडील इत्सुकाइची या डोंगराळ गावात ताकुसाबुरो चिबा या शिक्षकाने २०४ कलमांचा मसुदा तयार केला. तो एका जुन्या घराच्या कोठारात पडून राहिला आणि १९६८ मध्ये इतिहास संशोधकांच्या हाती लागला. मेइजी संविधान तयार होताना यांपैकी कोणालाही विचारले गेले नाही. ते बंद दाराआड लिहिले गेले. ‘लादलेले संविधान’ हे विशेषण १९४६ च्या संविधानासाठी वापरणारे लेखक हे सहसा सांगत नाहीत.

१९२५ मध्ये २५ वर्षांवरील पुरुषांना मताधिकार मिळाला, पण त्याच वर्षी शांतता-संरक्षण कायद्याने राजकीय मतभेदांवर टाच आणली. सम्राट हा राज्यसंस्थेचा एक घटक आहे, असे मांडणारे घटनातज्ज्ञ तात्सुकिची मिनोबे यांच्या पुस्तकांवर १९३५ मध्ये बंदी आली आणि त्यांना सरदारगृहाचा राजीनामा द्यावा लागला.

मसुद्याचे नऊ दिवस

२६ जुलै १९४५ च्या पॉट्सडॅम जाहीरनाम्यात जपानमधील लोकशाही प्रवृत्तींना बळ देण्याची व मूलभूत हक्क प्रस्थापित करण्याची अट होती. शरणागतीनंतर जनरल डग्लस मॅकआर्थर यांनी संविधान बदलण्याची सूचना केली. किजुरो शिदेहारा यांच्या सरकारने मंत्री जोजी मात्सुमोतो यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. समितीच्या मते जुन्या संविधानात फार बदल करण्याचे कारण नव्हते. १ फेब्रुवारी १९४६ रोजी ‘माइनिची’ वृत्तपत्राने समितीतील एक मसुदा छापला. त्यात सम्राटाची सार्वभौम सत्ता जवळजवळ तशीच होती.

यानंतर घटना झपाट्याने घडल्या. ३ फेब्रुवारीस मॅकआर्थर यांनी तीन सूत्रे लिहून दिली: सम्राट राहील पण संविधानाच्या चौकटीत, युद्धाचा त्याग केला जाईल आणि सरंजामी व्यवस्था संपेल. ४ फेब्रुवारीस कोर्टनी व्हिटनी यांनी मुख्यालयातील शासन विभागाच्या कर्मचाऱ्यांना बोलावून मसुदा लिहिण्यास सांगितले. चार्ल्स केडिस यांच्या देखरेखीखाली सुमारे २५ जण कामाला लागले. अकरा राष्ट्रांच्या सुदूर पूर्व आयोगाचे कामकाज महिनाअखेरीस सुरू होणार होते. त्यातील काही राष्ट्रांना सम्राटपद नको होते. आयोगाचा हस्तक्षेप सुरू होण्याआधी मॅकआर्थर यांना काम उरकायचे होते, म्हणूनच ही घाई.

या गटात बिआटे सिरोटा ही २२ वर्षांची तरुणी होती. व्हिएन्नामध्ये जन्मलेली, पियानोवादक वडिलांबरोबर तोक्योत वाढलेली आणि अस्खलित जपानी बोलणारी सिरोटा जीप घेऊन शहरातील ग्रंथालयांतून विविध देशांची संविधाने गोळा करत फिरली. विवाह केवळ दोघांच्या संमतीने होईल आणि पती-पत्नीला समान हक्क राहतील, हे कलम २४ तिच्या मसुद्यातून आले. माता व बालकांविषयी तिने लिहिलेल्या अनेक तपशीलवार तरतुदी मात्र वरिष्ठांनी वगळल्या.

मसुदाकारांच्या टेबलावर जपानी मजकूरही होता. यासुझो सुझुकी आदी विद्वानांच्या संविधान संशोधन मंडळाने डिसेंबर १९४५ मध्ये लोकांच्या सार्वभौमत्वावर आधारित मसुदा प्रसिद्ध केला होता. मुख्यालयाने त्याचा अनुवाद करून जानेवारीत अभ्यास केला. सुझुकी हे एमोरी उएकी यांच्या लेखनाचे अभ्यासक होते. १८८१ मध्ये बाजूला पडलेला विचार अशा वळणाने १९४६ च्या मसुद्यापर्यंत पोहोचला.

युद्धत्यागाच्या कलम ९ ची कल्पना मूळ कोणाची, याबद्दल मतभेद आहेत. ती शिदेहारा यांनी २४ जानेवारीच्या भेटीत मांडली, असे मॅकआर्थर यांनी आठवणींत लिहिले. अनेक अभ्यासकांना ते पटत नाही.

भाषांतर आणि संसद

१३ फेब्रुवारीस मसुदा परराष्ट्रमंत्री शिगेरू योशिदा व मात्सुमोतो यांच्या हाती देण्यात आला. आपल्या समितीच्या प्रस्तावावर चर्चा होईल, या अपेक्षेने आलेल्या मंत्र्यांना हा धक्का होता. ४ व ५ मार्चला तात्सुओ सातो या अधिकाऱ्याने अमेरिकी अधिकाऱ्यांसमवेत अखंड सुमारे तीस तास बसून जपानी मजकूर निश्चित केला. एकगृही संसदेऐवजी द्विगृही संसद जपानी बाजूने मिळवली. परकीयांनाही कायद्याचे समान संरक्षण देणारे कलम मात्र याच टप्प्यात गळाले आणि हक्क ‘कोकुमिन’ म्हणजे राष्ट्राच्या नागरिकांना दिले गेले. याची झळ जपानमध्ये राहणाऱ्या कोरियन व तैवानी लोकांना बसली: संविधान अमलात येण्याच्या आदल्या दिवशी, २ मे १९४७ रोजी, त्यांना परकीय म्हणून नोंदणी करायला लावणारा शाही अध्यादेश निघाला. गोष्ट छोटी वाटते, पण शब्दांच्या निवडीत किती माणसे आत-बाहेर होतात हे तिच्यातून दिसते.

मजकूर अभिजात लिखित शैलीत न ठेवता बोलभाषेच्या जवळ आणावा, अशी मागणी युझो यामामोतो आदी लेखकांनी केली व सरकारने ती मान्य केली. कायद्याच्या भाषेत हा मोठा बदल होता.

१० एप्रिल १९४६ च्या निवडणुकीत स्त्रियांनी प्रथमच मतदान केले आणि ३९ स्त्रिया निवडून आल्या. अमेरिकी अमलाखालील ओकिनावात मात्र मतदान झाले नाही. प्रिव्ही कौन्सिलमध्ये मिनोबे यांनी विधेयकाला एकट्याने विरोध केला. जुन्या संविधानाच्या दुरुस्तीप्रक्रियेने नवे संविधान आणता येत नाही, हा त्यांचा मुद्दा होता.

संसदेतील चर्चा औपचारिक नव्हती. किमान आरोग्यपूर्ण व सुसंस्कृत जीवनाच्या हक्काचे वाक्य कलम २५ मध्ये समाजवादी सदस्यांनी घातले. हितोशी आशिदा यांच्या समितीने कलम ९ च्या दुसऱ्या परिच्छेदास ‘पूर्वोक्त उद्देश साध्य करण्यासाठी’ अशा अर्थाचे शब्द जोडले. स्वसंरक्षणासाठी सैन्य ठेवता येते, या नंतरच्या युक्तिवादाचा एक आधार हेच शब्द. त्या वेळी स्वसंरक्षणाच्या हक्काची बाजू कम्युनिस्ट नेते मांडत होते आणि पंतप्रधान योशिदा ती खोडून काढत होते. पुढे भूमिका नेमक्या उलटल्या. २४ ऑगस्टला प्रतिनिधिगृहाने ४२१ विरुद्ध ८ मतांनी विधेयक संमत केले.

नंतरची वाटचाल

१९५० मध्ये कोरियन युद्ध सुरू होताच अमेरिकेच्याच सांगण्यावरून राष्ट्रीय पोलीस राखीव दल उभे राहिले आणि १९५४ मध्ये त्यातून स्वसंरक्षण दल झाले. १९५५ मध्ये स्थापन झालेल्या लिबरल डेमोक्रॅटिक पक्षाने संविधानात बदल हे आपले ध्येय ठरवले. परंतु कलम ९६ नुसार दोन्ही सभागृहांच्या एकूण सदस्यांपैकी दोन-तृतीयांशांची संमती व नंतर सार्वमतात बहुमत लागते. सार्वमताचा कायदाच २००७ मध्ये झाला. दरम्यान अर्थ बदलत राहिला. १९७३ मध्ये सापोरो जिल्हा न्यायालयाने स्वसंरक्षण दल घटनाबाह्य ठरवले, तो निर्णय वरच्या न्यायालयाने फिरवला. जुलै २०१४ मध्ये मंत्रिमंडळाने सामूहिक स्वसंरक्षण मर्यादित स्वरूपात मान्य केले आणि २०१५ मध्ये त्यासाठी कायदे झाले. त्यांविरुद्ध संसदेबाहेर मोठी निदर्शने झाली.

भारतीय वाचकाला या संविधानातील एक शब्दप्रयोग ओळखीचा वाटेल. जपानच्या कलम ३१ मधील ‘कायद्याने प्रस्थापित केलेली कार्यपद्धती’ भारताच्या संविधानाच्या कलम २१ मध्ये आली.

ओकिनावाला हे संविधान १५ मे १९७२ रोजी, अमेरिकी अंमल संपल्यावर, लागू झाले. जपानमधील अमेरिकी लष्करी तळांचा बहुतांश भाग आजही तेथेच आहे.