अँटिव्हायरसमधील गेम मोड

अँटिव्हायरसमधील गेम मोड ही संगणकाला विषाणूंपासून वाचवणाऱ्या आज्ञावलीची एक अवस्था आहे. खेळ चालू असताना पडद्यावर येणाऱ्या सूचना या अवस्थेत रोखून धरल्या जातात आणि पूर्ण तपासणीसारखी लांबणीवर टाकता येणारी कामे पुढे ढकलली जातात. उघडल्या जाणाऱ्या प्रत्येक फाइलची तत्क्षणी होणारी तपासणी मात्र चालूच राहते. निरनिराळ्या कंपन्या या सोयीला निरनिराळी नावे देतात: ईसेटमध्ये ती ‘गेमर मोड’, नॉर्टनमध्ये ‘सायलेंट मोड’, अव्हास्टमध्ये ‘डू नॉट डिस्टर्ब मोड’, तर बिटडिफेंडरमध्ये ‘गेम प्रोफाइल’ या नावाने आढळते. व्यत्यय टाळण्यासाठी संपूर्ण अँटिव्हायरस बंद करण्याची प्रथा खेळाडूंमध्ये रूढ असली, तरी ती धोकादायक असून बहुतेक वेळा अनावश्यकही असते.

इतिहास

डॉस या कार्यप्रणालीच्या काळात संगणकावर बहुधा एका वेळी एकच आज्ञावली चालत असे. त्यामुळे विषाणूंची तपासणी हे वापरकर्त्याने आपल्या हाताने सुरू करण्याचे आणि संपवण्याचे काम होते. खेळ आणि विषाणू हे दोन्ही फ्लॉपीवरून हातोहाती पसरत. परंतु खेळाच्या मध्यावर अँटिव्हायरसने डोके वर काढण्याचा प्रश्न फारसा उद्भवत नव्हता.

महाराष्ट्रातील अँटिव्हायरस उद्योगाचा आरंभ याच काळातला आहे. सातारा जिल्ह्यातील रहिमतपूर येथील कैलास काटकर यांनी पुण्यात गणकयंत्रे व तत्सम उपकरणांच्या दुरुस्तीचा व्यवसाय केला आणि पुढे संगणकांच्या दुरुस्तीकडे वळले. दुरुस्तीसाठी येणाऱ्या अनेक संगणकांत मूळ बिघाड विषाणूंचा असे. त्यांचे धाकटे बंधू संजय काटकर यांनी पुण्याच्या मॉडर्न महाविद्यालयात संगणकशास्त्राचे शिक्षण घेत असताना विषाणू काढून टाकणाऱ्या आज्ञावल्या लिहिल्या. त्यांतून ‘क्विक हील’ हे उत्पादन आकारास आले. १९९५ साली ‘कॅट कॉम्प्युटर सर्व्हिसेस’ या नावाने नोंदणी झालेल्या कंपनीचे नाव २००७ मध्ये ‘क्विक हील टेक्नॉलॉजीज’ असे झाले आणि फेब्रुवारी २०१६ मध्ये तिच्या समभागांची शेअर बाजारात नोंदणी झाली.

विंडोजच्या प्रसाराबरोबर अनेक आज्ञावल्या एकाच वेळी चालू लागल्या आणि अँटिव्हायरस पार्श्वभूमीवर सतत जागा राहू लागला. आंतरजाल आल्यावर विषाणूंच्या व्याख्या दिवसातून अनेकदा अद्ययावत होऊ लागल्या. प्रत्येक अद्यतनाची, तपासणीची आणि संपत आलेल्या मुदतीची सूचना पडद्याच्या कोपऱ्यात झळकू लागली, तेव्हा खेळाडूंच्या तक्रारी वाढल्या आणि गेम मोडची सोय पुढे आली. २०१२ मध्ये आलेल्या विंडोज ८ पासून मायक्रोसॉफ्टने पूर्ण क्षमतेचा अँटिव्हायरस कार्यप्रणालीतच समाविष्ट केला. तो आज ‘मायक्रोसॉफ्ट डिफेंडर अँटिव्हायरस’ या नावाने ओळखला जातो. दुसऱ्या कंपनीचा अँटिव्हायरस बसवल्यास घरगुती संगणकावरील डिफेंडर सामान्यतः आपोआप बाजूला होतो. म्हणून मांडणी बदलण्यापूर्वी प्रत्यक्षात कोणता अँटिव्हायरस कार्यरत आहे, हे पाहणे आवश्यक ठरते.

व्यत्ययाची कारणे

खेळात येणारे व्यत्यय चार प्रकारचे असतात आणि प्रत्येकाचा उपाय वेगळा आहे.

दृश्य सूचना: अद्यतन झाले, तपासणी संपली, वर्गणीची मुदत संपत आली, अशा आशयाच्या चौकटी पडद्यावर येतात. काही वेळा खेळ आपोआप लहान होऊन मागे जातो. यात संगणकाच्या गतीचा संबंध नसतो.

नियोजित तपासणी: संपूर्ण डिस्क वाचण्याचे काम सुरू झाले की प्रोसेसर आणि डिस्क या दोन्हींवर भार पडतो. जुन्या पद्धतीच्या फिरत्या हार्ड डिस्कवर हा भार अधिक जाणवतो, कारण खेळ आणि तपासणी यांना एकाच वाचनशीर्षाची वाट पाहावी लागते.

तत्क्षणी तपासणी: कोणतीही फाइल उघडताना अँटिव्हायरसचा ड्रायव्हर मध्ये उभा राहून ती तपासतो. न बदललेली फाइल पुन्हा तपासावी लागू नये म्हणून निकाल लक्षात ठेवला जातो. त्यामुळे खेळाची नवी आवृत्ती उतरवल्यानंतरच्या पहिल्या प्रारंभी विलंब जास्त होतो, पुढे तो घटतो. या तपासणीचा परिणाम मुख्यतः खेळ उघडण्याच्या वेळेवर होतो; खेळ चालू झाल्यानंतरच्या चित्रगतीवर तो सहसा कमी असतो.

चुकीचा संशय: निरुपद्रवी फाइल विषाणू समजून अडवली किंवा विलग केली जाते आणि खेळ सुरूच होत नाही.

कार्यपद्धती

खेळ चालू आहे हे अँटिव्हायरसला ओळखता यावे लागते. विंडोज व्हिस्टापासून कार्यप्रणालीत अशी सोय आहे, की कोणतीही आज्ञावली विंडोजला ‘या क्षणी वापरकर्त्यास सूचना दाखवणे योग्य आहे का?’ असे विचारू शकते. पूर्ण पडद्यावर त्रिमित चित्रण चालू असेल, किंवा सादरीकरण चालू असेल, तर विंडोज तसे कळवते आणि सूचना थांबवता येते. याखेरीज अनेक उत्पादने ज्ञात खेळांची यादी बाळगतात आणि वापरकर्त्याला तीत भर घालू देतात.

या पद्धतीची एक मर्यादा वारंवार अनुभवास येते. अनेक आधुनिक खेळ खऱ्या अर्थाने पूर्ण पडदा ताब्यात न घेता, कडा नसलेल्या आणि पडद्याएवढ्या खिडकीत चालतात. अशा वेळी खेळ ओळखला जाईलच याची खात्री नसते. गेम मोड चालू असूनही सूचना येत असतील, तर खेळाच्या चित्रविषयक मांडणीत ‘फुल स्क्रीन’ हा पर्याय निवडणे, अथवा खेळाची मुख्य फाइल अँटिव्हायरसच्या यादीत स्वतः नोंदवणे, हे दोन उपाय उपलब्ध असतात.

विंडोजमध्येही ‘गेम मोड’ याच नावाची एक स्वतंत्र सोय आहे. ती एप्रिल २०१७ च्या विंडोज १० अद्यतनात आली. ती खेळाला संगणकाच्या साधनांत प्राधान्य देते आणि खेळाच्या दरम्यान विंडोज अपडेटला ड्रायव्हर बसवण्यापासून व पुन्हा सुरू करण्याच्या सूचना देण्यापासून रोखते. अँटिव्हायरसच्या मांडणीत मात्र ती काही बदल करत नाही. नावाच्या साम्यामुळे या दोहोंत गल्लत होते.

डिफेंडरची मांडणी

विंडोज ११ मध्ये पुढील क्रम सुरक्षित मानता येतो. सौम्य उपाय आधी आणि संरक्षण कमी करणारा उपाय सर्वांत शेवटी, असे त्याचे सूत्र आहे.

१. सूचना थांबवणे. ‘सेटिंग्ज’मधील ‘सिस्टम’ व त्याखालील ‘नोटिफिकेशन्स’ येथे ‘डू नॉट डिस्टर्ब’ आपोआप चालू होण्याच्या अटी दिलेल्या असतात. त्यांतील खेळ चालू असताना आणि पूर्ण पडद्यावर आज्ञावली चालू असताना, या दोन अटी निवडाव्या लागतात. विंडोज १० मध्ये हीच सोय ‘फोकस असिस्ट’ या नावाने आहे. मात्र त्या आवृत्तीचा सर्वसाधारण आधार मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबवला आहे.

२. माहितीपर सूचना कमी करणे. ‘विंडोज सिक्युरिटी’च्या स्वतःच्या ‘सेटिंग्ज’मध्ये ‘मॅनेज नोटिफिकेशन्स’ हा दुवा असतो. तेथे तपासणीच्या निकालांची नित्याची सूचना बंद करता येते. धोका अडवल्याची सूचना चालू ठेवणे इष्ट असते.

३. तपासणीची वेळ बदलणे. ‘टास्क शेड्युलर’मध्ये मायक्रोसॉफ्ट, विंडोज, विंडोज डिफेंडर या क्रमाने गेल्यास ‘विंडोज डिफेंडर शेड्युल्ड स्कॅन’ हे कार्य आढळते. त्याला खेळण्याच्या वेळेबाहेरची निश्चित वेळ देता येते. नियोजित तपासणीसाठी प्रोसेसरच्या वापराची सरासरी मर्यादा मूळ मांडणीत ५० टक्के असते. पॉवरशेलमधील आज्ञेने ती कमी करता येते. मर्यादा कमी केली, की तपासणी त्या प्रमाणात अधिक वेळ चालते.

४. फोल्डरचे संरक्षण. २०१७ पासून विंडोजमध्ये ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’ ही सोय आहे. ती खंडणीखोर विषाणूंपासून ‘डॉक्युमेंट्स’सारखे फोल्डर वाचवते. अनेक खेळ आपली प्रगती याच फोल्डरात साठवतात. त्यामुळे ही सोय चालू असल्यास प्रगती साठवली न जाण्याचा प्रकार घडतो. अशा वेळी सोय बंद न करता केवळ त्या खेळाला परवानगी देता येते.

५. अपवाद नोंदवणे. ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’खालील ‘मॅनेज सेटिंग्ज’मध्ये ‘एक्स्क्लुजन्स’ हा विभाग आहे. येथे फाइल, फोल्डर, फाइलचा प्रकार किंवा प्रक्रिया वगळता येते. वरील उपायांनी काम भागले नाही, तरच याचा आधार घ्यावा.

अपवादांची मर्यादा

अपवाद म्हणजे पहारेकऱ्याला एका दाराकडे पाहू नकोस, असे सांगणे होय. त्या दारातून खेळ जातो, तसे दुसरेही काही जाऊ शकते. म्हणून अपवाद शक्य तितका अरुंद ठेवतात. एका खेळाचा फोल्डर वगळणे आणि संपूर्ण ड्राइव्ह वगळणे यांत महदंतर आहे. ‘डाउनलोड्स’ आणि तात्पुरत्या फाइलींचे फोल्डर कधीही वगळू नयेत. बाहेरून आलेली वस्तू सर्वप्रथम तेथेच उतरते. ‘ईएक्सई’ हा फाइलप्रकार वगळणे म्हणजे चालवता येणाऱ्या बहुतांश आज्ञावल्यांना मोकळीक देणे होय.

डिफेंडरमध्ये प्रक्रिया वगळल्यास त्या प्रक्रियेने उघडलेल्या फाइली तत्क्षणी तपासणीतून सुटतात; प्रक्रियेची मूळ फाइल मात्र तपासली जाते. वगळलेल्या फोल्डरात नंतर टाकलेले मॉड, म्हणजे खेळात बदल करणारी पूरक आज्ञावली, तपासणीतून सुटते. खेळ काढून टाकल्यावर त्याचा अपवादही काढून टाकणे आवश्यक असते. संशयित ठरलेली फाइल खरोखर निर्दोष आहे का, हे ठरवण्यासाठी ‘प्रोटेक्शन हिस्टरी’तील नोंद पाहणे, ‘व्हायरसटोटल’ या सेवेवर ती अनेक अँटिव्हायरसकडून तपासून घेणे, आणि खेळ स्टीमवरील असल्यास तेथील फाइल-पडताळणीची सोय वापरणे, हे मार्ग आहेत.

संरक्षण बंद करण्याचे धोके

खेळाच्या चोरट्या प्रतींबरोबर ‘प्रथम अँटिव्हायरस बंद करा’ अशी सूचना अनेकदा दिलेली असते. तिचे परिणाम काय होऊ शकतात, हे ‘क्रॅकोनॉश’ या घातक आज्ञावलीच्या उदाहरणावरून दिसते. जून २०२१ मध्ये अव्हास्टने तिच्याविषयीचा अहवाल प्रसिद्ध केला. लोकप्रिय खेळांच्या चोरट्या प्रतींमधून ती पसरत होती. ती संगणक ‘सेफ मोड’मध्ये सुरू करवून अँटिव्हायरस निकामी करी आणि नंतर मालकाच्या नकळत मोनेरो या आभासी चलनाचे खनन करी. अव्हास्टच्या अंदाजानुसार २,२२,००० हून अधिक संगणक बाधित झाले आणि गुन्हेगारांनी सुमारे २० लाख डॉलर मिळवले.

अधिकृत मार्गाने मिळवलेले साहित्यही सर्वस्वी निर्धोक नसते. जून २०२३ मध्ये माइनक्राफ्ट या खेळाच्या काही मॉडमध्ये ‘फ्रॅक्चरायझर’ ही घातक आज्ञावली आढळली. ती कर्सफोर्जसारख्या प्रसिद्ध संकेतस्थळावरून वितरित झाली होती. फेब्रुवारी २०२५ मध्ये ‘पायरेटफाय’ हा खेळ संकेतशब्द व तत्सम माहिती चोरत असल्याचे निष्पन्न झाल्यावर स्टीमवरून हटवण्यात आला.

काही स्पर्धात्मक खेळांत फसवणूक रोखण्यासाठी वेगळी आज्ञावली असते. व्हॅलोरंटमधील ‘व्हॅनगार्ड’ हे तिचे उदाहरण. ती अँटिव्हायरसप्रमाणेच कार्यप्रणालीच्या गाभ्यात काम करते आणि दोहोंत संघर्ष होऊ शकतो. अशा वेळी दोन्हींची अद्ययावत आवृत्ती वापरणे हा पहिला उपाय होय. विंडोज ११ मधील ‘मेमरी इंटेग्रिटी’ बंद केल्याने गती वाढू शकते, असे मायक्रोसॉफ्टनेही २०२२ मध्ये सांगितले. त्याच वेळी खेळ संपताच ती पुन्हा चालू करावी आणि बंद असताना उपकरण अधिक असुरक्षित असते, असा इशाराही दिला.

सामायिक संगणक

धाराशिवसारख्या जिल्ह्यांत घरातील एकच संगणक अनेक कामांसाठी वापरला जाणे सामान्य आहे. ज्या यंत्रावर मुलगा सायंकाळी खेळतो, त्याच यंत्रावर बहीण महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज भरते, वडील सातबारा उतारा पाहतात आणि बँकेचे व्यवहारही होतात. डिफेंडरमधील अपवाद एका खात्यापुरता नसून संपूर्ण यंत्राला लागू असतो. खेळासाठी उघडी ठेवलेली वाट या सर्वांच्या संकेतशब्दांपर्यंत पोहोचू शकते.

यावरील साधा उपाय म्हणजे खेळण्यासाठी प्रशासकीय अधिकार नसलेले स्वतंत्र खाते तयार करणे. अशा खात्यातून प्रशासकाच्या संकेतशब्दाशिवाय अपवाद नोंदवता येत नाही किंवा संरक्षण बंद करता येत नाही. रात्री संगणक बंद ठेवला जात असेल किंवा वीजपुरवठा खंडित होत असेल, तर रात्रीची नियोजित तपासणी हुकते. तिच्याऐवजी घरातील जेवणाची किंवा दुपारच्या विश्रांतीची वेळ निवडणे सोयीचे असते. खेळ सुरू करण्यापूर्वी व्याख्यांचे अद्यतन हाताने करून घेतल्यास ते काम खेळाच्या मध्यावर येण्याची शक्यता कमी होते.

संगणक बाधित झाल्याचा संशय असल्यास केंद्र सरकारच्या ‘सायबर स्वच्छता केंद्रा’कडून निःशुल्क सफाई साधने मिळतात. सर्ट-इन या संस्थेमार्फत चालणारे हे केंद्र फेब्रुवारी २०१७ मध्ये सुरू झाले असून त्याच्या साधनांत क्विक हीलचाही सहभाग आहे. संकेतशब्द दुसऱ्या, निर्दोष उपकरणावरून बदलावे लागतात. आर्थिक फसवणूक झाल्यास १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर विनाविलंब तक्रार नोंदवता येते. तक्रार जितकी लवकर पोहोचते, तितकी रक्कम रोखली जाण्याची शक्यता अधिक असते.