केसांनीं दिलेली साक्ष

चीनचा सम्राट ग्वांगशू १४ नोव्हेंबर १९०८ रोजीं वयाच्या ३८ व्या वर्षीं पेकिंग येथें वारला आणि दुसऱ्याच दिवशीं त्याची मावशी, राजमाता त्सशी, हिनेंही देह ठेवला. त्यानें आरंभिलेल्या सुधारणा १८९८ सालीं शंभर दिवसांतच मोडून काढून याच मावशीनें त्याला राजवाड्याजवळील तळ्यांतल्या बेटावर स्थानबद्ध केलें होतें. हा योगायोग लोकांच्या गळीं उतरला नाहीं, यांत नवल तें काय? विषप्रयोगाची कुजबुज सुरू झाली.

राजवैद्यांच्या नोंदवह्या मात्र निराळें सांगत होत्या. सम्राट लहानपणापासूनच दुखणाईत. त्या नोंदींवर विसंबून कांहीं चिनी इतिहासकारांनीं त्याचा मृत्यु नैसर्गिक ठरविला होता. इतिहासाला लेखी पुरावा लागतो हें खरें. पण तो लिहिणारा कोणाच्या पदरीं होता, हेंही पाहावें लागतें.

आपल्याकडे हिंदु राजांना अग्नि देत असत. तेथें सम्राटाला पुरलें होतें. ती समाधि १९३८ मध्यें चोरांनीं फोडली. १९८० मध्यें ती अधिकृतपणें उघडली, तेव्हां केस, अस्थि व वस्त्रें हातीं लागलीं. पुढें २००३ पासून पांच वर्षें शास्त्रज्ञांनीं तीं तपासलीं. केसांचे एकेक सेंटिमीटरचे तुकडे करून, त्यांवर न्यूट्रॉनांचा मारा करून त्यांतील आर्सेनिक मोजलें. तें एका ग्रॅमला २४०४ मायक्रोग्रॅमपर्यंत भरलें! सम्राज्ञीच्या केसांत तें अवघें ९ च्या आसपास होतें.

मग वर्षानुवर्षें थोडथोडें विष चारलें होतें काय? तसें असतें, तर तें मुळांतून केसांत शिरून लांबवर पसरलेलें आढळलें असतें. येथें तें कांहीं ठराविक तुकड्यांवरच, आणि तेंही बाहेरून साचलें होतें. पोटाजवळच्या वस्त्रांतही तेंच सांपडल्यावर उलगडा झाला: प्रेत कुजतांना पोटांतील सोमल पाझरून केसांना लागला होता. हातीं आलेल्या अवशेषांतच तो किमान २०१ मिलिग्रॅम निघाला. माणूस मरावयास ६० ते २०० पुरतो. २००८ मध्यें हा निर्णय प्रसिद्ध झाला.

तो पाजला कोणीं, हें मात्र केस सांगत नाहींत. पुढचा बालसम्राट पुई यानें आत्मचरित्रांत एका वृद्ध खोजाकडून ऐकलेली हकीकत दिली आहे. तींत संशय सेनापति युआन शिकाई यानें पाठविलेल्या औषधावर आहे. राजमातेवरचा संशय त्याहून जुना. मला तो अधिक सयुक्तिक वाटतो. कारण ती गेल्यावर सम्राट जिवंत राहता, तर बेटावरून सुटून पुन्हां सिंहासनावर बसला असता.